जयंतीला आलेली

"पाव्हणी म्हणावं, तर हिनं शेण कामून काढावं? आन् घरची म्हणावं, तर पहिली भाकर हिच्या ताटात कामून पडावी? हिला धरावं तरी कशात माय?"

आमच्या आणि तात्यारावांच्या घरात एकच कुडाची भिंत. तुराट्या उभ्या करून वरून माती लिंपलेली. तिच्यातून उंदीर जातो, धूर जातो, मग बोलण्यानंच काय घोडं मारलंय? तात्यारावांची सून कस्तुरा चुलीपुढं बसून स्वतःशीच पुटपुटत होती आणि इकडं मी ज्वारी पाखडत होते. मी सूप थांबवलं. कान देऊन ऐकणं वाईट, हे मला कळतं. पण भिंत मी बांधलेली नाही.

कस्तुराचा राग नव्हता तो. कोडं होतं. "हिला" म्हणजे तिच्या नणंदेला, विशाखाला. विशाखा माहेरी आलेली होती. कशाला आली म्हणून वस्तीत कुणालाही विचारा, उत्तर एकच: "जयंतीला आलीया."

आमच्या बौद्ध वस्तीत बाबासाहेबांच्या जयंतीला सगळ्या लेकी माहेरी येतात. बाकीच्यांच्या पंचमीला येतात तशा. निळ्या पताका लागतात, गोडधोड होतं, लेकी चार दिवस राहतात, लुगडं घेऊन परत जातात. विशाखाही तशीच आली, पत्र्याची पेटी घेऊन. नवरा पूर्णेला रेल्वेत खलाशी. तो मागून न्यायला येणार होता. पताका फाटल्या, पेरण्या झाल्या, कापसाची वेचणी आली, तरी तो आला नाही. मग दुसरी जयंती आली. त्या जयंतीला बाकीच्या लेकी आल्या आणि गेल्या. विशाखा मात्र आधीचीच आलेली होती, त्यामुळं तिला नव्यानं येताही येईना.

"जावयाला सुट्टी न्हाई," तात्याराव सांगायचे. पुढं म्हणाले, "बदली व्हायलीय त्याची." त्याच्याही पुढं म्हणाले, "क्वार्टर मिळालं की नेतो म्हनला." ऐकणारा मान हलवायचा. खरं काय ते सगळ्यांना माहीत होतं. पूर्णेला जाऊन आलेल्या बायांनी त्या घरात दुसरी बाई भांडी घासताना पाहिली होती. पण तात्याराव म्हणजे पौर्णिमेला समाजमंदिरात वंदना घेणारा माणूस. कुणाच्या घरची भांडणं, कुणाच्या मयतीची लाकडं, सगळ्यात पहिला हात त्यांचा. त्यांच्या तोंडावर "तुमच्या लेकीला टाकलीय" म्हणायला जीभ कुणाची उचलणार? मग सगळेच म्हणायचे, जयंतीला आलीया. वाटेत म्हातारं माणूस आलं की आपण जसं बाजूला होतो, तसंच हे. मीही म्हणायची. बोलून बोलून ते इतकं गुळगुळीत झालं होतं, की खोटं वाटतच नव्हतं.

पण कस्तुराच्या त्या कोड्यानं माझ्या डोक्यात किडा सोडला. बाई एखाद्या गावची होते म्हणजे नेमकी कधी होते? मी बघायला लागले. विशाखाचा हापशावर नंबर ठरलेला होता. वस्तीतली कुत्री तिच्यावर भुंकत नव्हती. कुणाची शेळी कुणाच्या शेतात शिरली हे तिला मालकाच्या आधी कळत होतं. तरीही जेवताना कस्तुरा तिला म्हणायची, "घ्या आक्का, लाजू नका." घरच्या माणसाला कुणी लाजू नका म्हणतं का?

आणि मग अंगणवाडी आली.

आमच्या वस्तीला अंगणवाडी मंजूर झाली, समाजमंदिरात भरायची. सेविकेची जागा निघाली. बाई शिकलेली हवी आणि त्याच गावची रहिवासी हवी, एवढी साधी अट. विशाखा दहावी पास. विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला, त्या साली पास झालेली. त्या साली तालुक्यात घरं जळत होती आणि ही पोरगी कंदिलाच्या काचेवर कागद चिकटवून अभ्यास करत होती, उजेड बाहेर दिसू नये म्हणून. मुलाखतीत तिचा पहिला नंबर आला. दुसरा नंबर लक्ष्मीबाईचा.

लक्ष्मीबाई आमच्याच वस्तीतली, मुंजाजीची बायको. माहेर वालूरचं. मुंजाजीचा पाय मळणीयंत्रात गेलेला, त्यामुळं तिलाही नोकरीची तेवढीच गरज. मुंजाजीनं हरकत घेतली: उमेदवार बाई गावची रहिवासी नाही, सासर पूर्णेला आहे, इथं पाहुणी म्हणून आलेली आहे.

मी हापशावर लक्ष्मीबाईला गाठलं. म्हणलं, "काय गं, असं करावं का?"

तिच्या डोळ्यांत पाणी आलं, पण मान काही खाली गेली नाही. "सुमनबाई, मी लबाड बोलले का? तुमीच सांगा. तुमी सोता मला काय सांगितलं? जयंतीला आलीया म्हनून."

वालूरहून लग्न करून आलेली लक्ष्मीबाई गावची, आणि ह्याच मातीत जिची नाळ पुरली ती विशाखा परगावची. आणि हे मुंजाजीनं नव्हे, आम्हीच ठरवलेलं.

चौकशीला साहेब आले, जीपमधून. समाजमंदिरापुढं खुर्ची टाकली. थंडीचे दिवस होते. सगळी वस्ती जमली आणि जो तो तात्यारावांकडं बघून बोलायला लागला. पहिला मान म्हाताऱ्या सटवाजीचा.

"ही विशाखाबाई इथं राहते का?"

"न्हाई जी. पाव्हणी हाय. जयंतीला आलीया."

साहेबांनी वर बघितलं. "आत्ता? थंडीत? कोणत्या जयंतीला?"

"बाबासाहेबांच्या जी."

"तसं नाही हो. कोणत्या सालच्या?"

सटवाजीनं तात्यारावांकडं बघितलं, आभाळाकडं बघितलं. "सालाचं ध्यान न्हाई साहेब. पर जयंती दरसाल येती."

लोक हसले, साहेबही हसले, आणि त्यांनी लिहून घेतलं. त्यांच्यापुढं एकामागून एक बाई, एकामागून एक बाप्या तेच सांगून गेला. सासर चांगलं हाय, काय कमी न्हाई, आज-उद्या नेतील. सगळे जीव तोडून सांगत होते. शेवटी तात्याराव उठले, फेटा नीट केला. "लेक सासरी सुखात हाय साहेब. जावई रेल्वेत परमनंट हाय. सुट्टी मिळाली की यील."

विशाखा समाजमंदिराच्या दाराला टेकून उभी होती. तिनं बापाकडं एकदा बघितलं, एवढंच.

महिन्याच्या आत तिची नेमणूक रद्द झाली. मायेपोटी आम्ही सगळ्यांनी मिळून पोरीच्या तोंडचा घास काढला, आणि वर जो तो मुंजाजीलाच शिव्या देत होता.

विशाखाचा भाऊ पंडित तिला घेऊन परभणीला वकिलाकडं निघाला. सोबत बाईमाणूस असावं म्हणून मला घेतलं. मी तर टपूनच बसले होते. दिनकरराव वकील पान खाणारे, चष्मा कपाळावर ठेवून तो टेबलावर शोधणारे.

"तर ताई, तुम्ही राहता कुठं?"

"माहेरी."

"म्हणजे गावातच राहता."

"न्हाई... आलेय."

"राहताय की आलाय?"

विशाखानं पंडितकडं बघितलं. पंडित खुर्चीच्या कडेला सरकला. "साहेब, तुमी कायबी लिवा, फक्त ती नांदत न्हाई आसं लिवू नका. तात्यांला कळंल."

"वडलांना माहीत नाही?"

"माहीत हाय की."

"मग?"

"माहीत हाय साहेब. पर कळंल ना."

दिनकररावांनी चष्मा डोळ्यांवर घेतला आणि पंडितकडं बराच वेळ बघितलं. मग माझ्याकडं बघितलं. मी म्हणलं, "खरंय साहेब. आमच्याकडं ही दोन कामं निराळी असतात."

"कायद्यात एक तर रहिवासी असतो, नाही तर पाहुणा," ते म्हणाले. "मधलं माहेर कायद्याला ठाऊक नाही. बरं, मी नुसतं राहते एवढंच लिहितो. का राहते ते कोर्टानं विचारलं, तर तेव्हा बघू."

कोर्टानं ते बरेच दिवस विचारलंच नाही. आधी परभणीत तारखा पडल्या. मग कळलं, हे काम इथलं नाहीच, औरंगाबादच्या खंडपीठाचं आहे. तिथं पुन्हा पहिल्यापासून. कधी सरकारी वकील नाही, कधी कागद आला नाही, कधी न्यायमूर्ती बदलले. वस्तीतल्या पोरांनी पैज लावली होती: आधी विद्यापीठाचं नामांतर होतं की आधी विशाखाची नेमणूक? दोन्हीकडं नुसत्या तारखाच. नामांतराच्या मोर्चाला विशाखा जायची तेव्हा पोरं म्हणायची, "आक्का, तुमच्या केसची बी घोषणा देऊ का?" ती म्हणायची, "द्या की. दोन मागण्या एकाच खर्चात."

निकाल लागेपर्यंत कुणालाच घ्यायचं नाही, असा मनाईहुकूम निघालेला. त्यामुळं लक्ष्मीबाईही बसूनच. शेजारच्या गावची सेविका यष्टी मिळाली तर यायची, कुलूप उघडून लेकरांना सुकडी वाटायची आणि परतीच्या यष्टीनं जायची. यष्टी चुकली तर लेकरं वाट्या घेऊन दारात बसून राहायची.

गंमत अशी, की परभणीला तारखेला जायला जवळच्या ताडकळसाहून सकाळची यष्टी एकच. फिर्यादी आणि विरोधक एकाच बाकावर. एकदा मी सोबत होते. लक्ष्मीबाईनं फडकं सोडलं, भाकरीवर ठेचा होता. विशाखापुढं धरलं. विशाखानं घेतलं. खाता खाता लक्ष्मीबाई म्हणाली, "आज आमचा वकील लय बोलणार हाय म्हनं तुझ्यावर."

"बोलू दे. ठेच्यात मीठ कमी हाय."

"तुझ्या वकिलाला सांग, माझ्या शिक्षणावरनं नको बोलू म्हणावं. मागल्या टायमाला लय लागलं मला."

"सांगते."

पुढच्या बाकावरून मुंजाजीनं मागं वळून बघितलं, तेव्हा दोघी खिडकीबाहेर बघायला लागल्या.

शेवटी खंडपीठाचा हुकूम झाला. जिंकलं म्हणावं तर नाही, हरलं म्हणावं तर तेही नाही. दिनकररावांनी आम्हाला बसवून समजावलं. न्यायमूर्तींचं म्हणणं असं, की बाई ह्या गावात जन्मली, इतकी वर्षं इथंच दिसतेय, आणि अख्खं गाव मात्र तिला पाहुणी म्हणतंय. हे कसं काय? तेव्हा पुन्हा गावात जा, नीट चौकशी करा आणि काय ते ठरवा.

"आता ऐका," दिनकरराव म्हणाले. "ही शेवटची संधी आहे. अहवाल पुन्हा विरुद्ध गेला, तर जागेची नवी जाहिरात निघेल, आणि त्या जाहिरातीत ह्या ताई वयात बसत नाहीत. ह्या वेळी दोन वाक्यं सांगा. एक, ती इथं राहते. दोन, ती परत जाणार नाही. दुसरं वाक्य नसेल, तर पहिल्याला काही किंमत नाही."

पंडितनं दोन्ही वाक्यं पाठ केल्यासारखी मान हलवली.

चौकशीच्या आदल्या दिवशी तात्यारावांच्या ओसरीवर बैठक बसली. दुसरं वाक्य कुणी बोलायचं, एवढाच विषय. पण विषयाचं नाव कुणी घेईना.

"ती ऱ्हाती, हे मी सांगतो," तात्याराव म्हणाले. "म्होरचं पंडितनं सांगावं."

"मी धाकटा," पंडित म्हणाला. "तुमी बसलेले आसताना मी कसं बोलू?"

"मग कस्तुरानं."

"नगं माय!" कस्तुरा आतूनच ओरडली. "मी बोलले तर उद्या लोक म्हनतील, भावजयीनंच नांदू दिलं न्हाई."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. मी म्हणलं, "मी शेजारीण. माझ्या बोलण्याला कोण इचारतंय?" खरं सांगायचं तर माझंही धाडस होत नव्हतं.

विशाखा उठून माझ्या घरात आली. मी विचारलं, "तूच का सांगून टाकत न्हाईस?"

ती चुलीतलं लाकूड मागं ओढत म्हणाली, "मावशी, तात्यांनी साहेबापुढं उभं राहून सांगितलंय की लेक सुखात हाय. मी उद्या उलटं सांगितलं, की सगळ्या वस्तीपुढं त्यांनी लबाड बोलल्यासारखं हुतंय. नोकरी मिळंल वं. पर मग त्याच घरात राहून त्या माणसाच्या तोंडाकडं कसं बघू?"

तिची आई चांगुणाबाई ह्या सगळ्यात कुठंच नव्हती. बैठक चालली होती तेव्हा ती मागं कोंबड्या झाकत होती, आणि तिला कुणी विचारलंही नाही. चांगुणाबाई मुळातच चार माणसांत बोलणारी नव्हे.

दुसऱ्या दिवशी चौकशीला ह्या वेळी अधिकारी बाई आल्या. केस पिकलेल्या, हातात काळी छत्री, पायात धुळीनं भरलेल्या चपला. जीप फाट्यावरच सोडून चालत आल्या होत्या. समाजमंदिरापुढची खुर्ची बघितली आणि म्हणाल्या, "तिथं नको. आधी मला त्यांचं घर दाखवा."

तात्यारावांच्या अंगणात वस्ती गोळा झाली. मुंजाजी काठी टेकत आला, मागं लक्ष्मीबाई. बाईंनी कुणाला राहते का म्हणून विचारलंच नाही. त्यांनी ओसरी बघितली, चूल बघितली. "ही फणी कुणाची?" कस्तुराची. "हे खुंटीवरचं धोतर?" तात्यांचं. "ही साडी?" कस्तुराची. "विशाखाबाईंची खुंटी कुठली?"

विशाखाची खुंटी नव्हतीच. इतकी वर्षं शेजारी राहून, भिंतीतून सगळं ऐकून, हे माझ्याही ध्यानात आलेलं नव्हतं.

"माझी पेटी हाय," विशाखा म्हणाली.

पेटी बाजेखाली होती. मुंजाजीनं काठी वर केली. "बगा म्याडम. सामान बांधलेलं हाय. राहणारं माणूस पेटीत कापडं ठेवतं का? पाव्हण्याचं लक्षन हाय ते."

बाईंनी पेटी ओढायला लावली, कडी काढली. आत लुगडी घडी घालून एकावर एक, मधेमधे कडुलिंबाचा पाला. बाईंनी एक डहाळी उचलून बोटांत चुरली, वास घेतला. "पाला तर हिरवा आहे. पेटी कोण भरतं? तुम्ही?"

विशाखानं मान हलवली. नाही.

"मी भरते," चांगुणाबाई म्हणाली.

ती माजघराच्या उंबऱ्यात उभी होती, पदर दातांत धरून. सगळे वळले. तिचा आवाज एवढ्या लोकांत ऐकायची कुणाला सवयच नव्हती.

"कशासाठी हो आजी?"

"दर आमुशाला काढते, ऊन दावते, परत भरते. एकाएकी न्यायला आला, तर पोरीची धांदल नको."

"कोण न्यायला येणार?"

"जावई."

बाईंनी छत्री भिंतीला टेकवली आणि उंबऱ्याजवळ खालीच बसल्या. हातातली फाईल त्यांनी मिटून ठेवली होती. "येणार आहेत का ते?"

"त्याला सुट्टी..." तात्यारावांनी सुरुवात केली.

सटवाजी मदतीला धावला. "म्याडम, रेल्वेची नोकरी म्हंजी कसं आसतंय..."

"सटवाजीभाऊ, बसा खाली," चांगुणाबाई म्हणाली.

सटवाजी बसला.

चांगुणाबाई पुढं आली. पेटीतलं वरचं लुगडं काढून तिनं झटकलं. पाला जमिनीवर पडला. मग दुसरं काढलं. तात्यारावांच्या धोतरापलीकडं भिंतीला एक मोकळी मेख होती, तिच्यावर तिनं ती लुगडी एकावर एक टाकली. एक घसरलं, परत टाकलं. विशाखा "माय, आसू दे" म्हणत पुढं झाली, तर तिनं हातानंच मागं सारलं. तात्याराव फेट्याचा शेव मुठीत धरून जमिनीकडं बघत होते. लक्ष्मीबाईनं डोळ्यांना पदर लावलेला, आणि मुंजाजीची काठी खाली आली होती.

"गेल्या साली मी पूर्णेला गेलते," चांगुणाबाई म्हणाली. ती बाईंकडं बघत नव्हती, नवऱ्याकडं बघत होती. "भाजी इकायला जाते म्हनून गेलते. त्याच्या दारात टोपलं उतरवलं. त्या बाईनं माझ्याकडून वांगी घेतली. काखंत लेकरू हुतं तिच्या, दुसरं पायात घोटाळत हुतं. बरी हाय बाई ती, तिचा काय दोष न्हाई. तवापासून मला ठावं हाय. तुमाला बी ठावं हाय, ह्या समद्यास्नी ठावं हाय. तरी मी पेटी भरायले, आन् तुमी सुट्टी मोजायलाव."



मग ती बाईंकडं वळली. "तो येणार न्हाई, म्याडम. माझ्या लेकीला त्यानं टाकलीया. आन् उद्या आला, पाया पडला, तरी मी तिला धाडायची न्हाई. उघडा ती तुमची फाईल, आन् लिवा."